हातभर बांधाकडे

१

सारजा रोज दुपारी भाकरीची पाटी डोक्यावर घेऊन माळाला निघायची. वाट नेहमीचीच. घरामागे त्यांचा नव्या लागणीचा ऊस, त्याला लागून बांध, बांधापलीकडे द्वारकानानीचं पडीक रान, आणि पाण्याची चारी ओलांडली की वरकुट्याचा उघडा माळ. पूर्वी या माळावर तिच्या सासऱ्याची मेंढरं बसायची. आता मेंढरं राहिली नव्हती, आणि संक्रांतीच्या सुमारास तिथे ते मशीन येऊन उभं राहिलं होतं. मशीनवरच्या माणसांचं जेवण सारजाकडे होतं.

लांबून ते रस्त्याच्या रोलरसारखंच दिसायचं. पुढे थोरला लोखंडी ड्रम, मागे केबिन, बाजूला एक लांब हात. जवळ गेलं की कळायचं, ड्रम जमिनीला टेकत नाही. तो वीतभर वर, अधांतरी फिरायचा. त्याच्याखाली डांबर नसायचं की खडी नसायची. नुसता भट्टीतून काढलेल्या मडक्यासारखा वास यायचा आणि माती जराशी काळवंडायची.

नागेश म्हणून एक पोक्त माणूस ते मशीन चालवायचा. त्यानं गावाला पहिल्या दिवशीच सरळ सांगून टाकलं होतं, की हे मशीन एका जगातनं दुसऱ्या जगात जाणारे रस्ते बांधतं आणि मोडले की दुरुस्त करतं. या माळावर असाच एक जुना रस्ता आहे, तो खचलाय. माणसं एकमेकांच्या तोंडाकडे बघत राहिली. कुणी म्हणालं, सरकारची नवी योजना असंल. शेजारची द्वारकानानी मात्र पुढे झाली. तिनं विचारलं, "मग तिकडं एसटी जाती का?"

"न्हाय," नागेश म्हणाला. "पायीच जावं लागतं."

"मग काय उपेग," म्हणून नानी घरी निघून गेली, आणि तिच्यामागोमाग बाकीचेही पांगले. कॅनॉलची मोजणी करायला माणसं येतात, दुर्बीण लावतात, जातात. तसंच हेही, असं सगळ्यांनी धरलं.

सारजाला तसं धरता आलं नाही, कारण तिचा नवरा दादासो त्या मशीनवर कामाला लागला. वालचंदनगरला तो कंत्राटावर वेल्डिंगचं काम करायचा. ते काम संपून तो घरी होता. नागेशनं त्याचं काम पाहिलं आणि ठेवून घेतलं. रस्त्याची दोन टोकं असतात, एक इकडचं आणि एक तिकडचं, आणि दोन्ही टोकं एकाच माणसानं सांधायची असतात असा त्यांचा नियम होता. म्हणून दादासो रोज सकाळी माळाच्या कडेच्या बाभळीपर्यंत चालत जायचा आणि बाभळीपुढे दिसायचा नाही. तिन्हीसांजेला पुन्हा बाभळीपासून चालत यायचा, ओट्यावर बसायचा आणि चहा मागायचा.

पहिले काही दिवस सारजाच्या जिवात जीव नसायचा. मग सवय झाली. कंपनीत पाळीला गेलेल्या माणसाची बायको जशी वाट बघते, तशी ती बघू लागली.

२

एकदा चहा घेताना तिनं विचारलं, तिकडे काय आहे.

दादासो मुळात कमी बोलणारा. बशीतल्या चहावर फुंकर मारत तो म्हणाला, "तितं बी आपलंच शिवार हाय. हाच माळ, हीच चारी. बाभळ तेवढी जरा मोठी हाय."

"आन घर?"

"घर बी हाय. पर घराकडं जायचं न्हाय, अशी ताकीद हाय. मी लांबनंच बघतो."

सारजा चुलीतलं लाकूड आत सारत होती. तिनं मान न वळवता विचारलं, "कोण ऱ्हातं तितं?"

त्यानं बशीतला उरलेला चहा संपवला. मग म्हणाला, "धूर दिसतो चुलीचा," आणि बशी खाली ठेवून गोठ्याकडे गेला.

सारजानं त्यावर फार विचार केला नाही. करायचा नाही असंच ठरवलं. आपण हितं आहोत, चूल हितं आहे, माणूस रोज घरी येतोय. दुसरीकडे कुठे धूर निघत असला तर निघू दे.

३

जुना रस्ता काही केल्या धरेना. तेव्हा नागेशनं ठरवलं, तो बंद करायचा आणि बाजूनं नवा काढायचा. जमीन जिथं घट्ट लागली तिथून त्यानं खुंट्या ठोकत आणल्या. माळावरून चारीपर्यंत, आणि चारी ओलांडून थेट सारजाच्या उसात. बांधाला लागून जी पहिली सरी होती, तिच्यातूनच ओळ घराच्या परसापर्यंत आली.

नागेशनं रीतसर येऊन विचारलं होतं. एक सरी करपेल, बाकी उसाला काही होणार नाही. दादासोनं लगेच होकार दिला. एका सरीनं काय होतंय, म्हणाला.

पण ती लागण सारजानं केली होती. दादासो तेव्हा मशीनवर असायचा. धाकटा दीर जोतीराम पाणी धरायचा आणि सारजा चिखलात वाकून उसाची एकेक टिपरी पायानं दाबत जायची. पहिल्या सरीचे कोंब आता कुठे बोटबोट वर आले होते. ती खुंट्यांकडे बघत बांधावर उभी होती, तेव्हा पलीकडून नानी आली.

"अगं, त्या खुंट्यांस्नी काय मुळं फुटल्यात का?" नानी म्हणाली. "सरकव की बांधाकडं. माझं रान पडीकच हाय, मी काय न्हाय म्हनत न्हाय."

त्या शिवारात हे नवीन नव्हतं. दर नांगरटीला औताचा फाळ बांधाला जरासा खेटून जायचा, आणि बांध वीतभर इकडचा तिकडे व्हायचा. पुढच्या साली पलीकडचा माणूस आपला फाळ खेटवायचा. नानीचा आणि त्यांचा बांध असाच कित्येक वर्षं इकडून तिकडे झोके घेत होता. त्यावरून भांडणंही व्हायची आणि भांडण मिटल्यावर चहाही व्हायचा. खुंटी सरकवणं म्हणजे पाप, असं सारजाच्या मनाला शिवलंच नाही.

काम मात्र तिनं नीट केलं. ओळ वाकडी दिसली असती तर नागेशच्या लक्षात आलं असतं. म्हणून तिनं प्रत्येक खुंटीशी बसून आपलं कोपर जमिनीला टेकवलं, मधलं बोट बांधाच्या दिशेनं ताणलं, आणि बोट टेकलं तिथं खुंटी रोवली. सगळ्या खुंट्या सारख्याच, हातभर बांधाकडे. जुनी भोकं पायानं बुजवली, वर ढेकळं टाकली. चारीच्या अलीकडची ओळ सरळच्या सरळ बांधावर आली. चारीपलीकडच्या ओळीशी ती जुळत नव्हती, पण मध्ये पाणी होतं. पाण्यावरून कोण नजर धरून बघतंय.

दुसऱ्या दिवशी मशीन त्या खुंट्यांवरून गेलं. बांधावरचं गवत काळवंडलं. पहिली सरी हिरवीच राहिली.

४

त्या दिवशी दादासो पहिल्यांदा नव्या रस्त्यानं, परसाच्या बाजूनं घरी आला.

सारजानं चहा टाकलेलाच होता. तो आला, त्यानं वहाणा काढल्या आणि ओट्यावर बसला. वहाणा तो नेहमी खांबाच्या बुडाशी काढायचा. आज त्या खांबापासून हातभर इकडे, येण्याजाण्याच्या वाटेत होत्या. माणूस दमला की असं होतं.

तिनं कप त्याच्यासमोर ठेवला आणि ती आत गेली. थोड्या वेळानं त्याचा आवाज आला, "आज चहा झकास झालाय गं." ती बाहेर आली तर तो हातपाय धुवायला गेला होता, आणि कप तसाच भरलेला होता. चहावर साय धरली होती.

तिला बरं वाटलं नाही. चहा नको होता तर नको म्हणायचं, उगीच कौतुक कशाला. पण तिनं तो मुकाट्यानं परत गरम केला आणि स्वतः पिऊन टाकला.

जेवतानाही तेच. ताट समोर वाढलेलं. तो मांडी घालून बसला, पण ताटाच्या जरा बाजूला. चुलीच्या उजेडात त्याचा हात वर खाली होत होता, तोंड हलत होतं. सारजा भाकरी भाजत होती, तिचं सगळं ध्यान तव्याकडे होतं. तो ढेकर देऊन उठला. ताटात वाढलेलं सगळं जागच्या जागी होतं. भाकरीचा तुकडासुद्धा मोडलेला नव्हता.

"जेवला न्हाईसा व्हय?" तिनं विचारलं.

त्यानं तिच्याकडे वळून पाहिलं. म्हणजे तिच्याकडे नाही, तिच्या डाव्या खांद्याच्या पलीकडे पाहिलं आणि हसला. "आगं किती वाढतीस," तो म्हणाला. "पोट हाय का धान्याची कणिंग."

५

नानी म्हणाली, डोळे बिघडलेत त्याचे. वेल्डिंगच्या ठिणग्या बघून बघून नजर तिरकी होते, तिच्या माहेरी एकाचं तसंच झालं होतं. "माझ्याशी बोलत हुता आन बघत हुता माझ्या म्हशीकडं. मला वाटलं तिलाच 'नानी' म्हनतोय. इंदापूरला ने आन चष्मा लाव."

सारजाला ते पटलं. पटवून घेतलं, असं म्हणायला हवं. डोळ्यांचं काही असलं तर डॉक्टर असतो, औषध असतं. चष्म्याचं आपण त्याला उद्या सांगू, असं ती रोज ठरवायची.

मग एका सकाळी ती ओटा झाडत होती. दादासो आत होता, कामावर निघायच्या बेतात. त्याच्या वहाणा पुन्हा वाटेतच होत्या. झाडता झाडता त्या बाजूला साराव्यात म्हणून तिनं केरसुणी फिरवली. केरसुणी वहाणांमधून निघून गेली. धूळ सरकली, काडीकचरा सरकला. वहाणा हलल्या नाहीत.

ती केरसुणी हातात धरून तशीच वाकलेली राहिली. कमरेत कळ आली तरी तिला सरळ होता येईना. आपण नीट पाहिलं नाही, असं ती मनाशी म्हणाली. तिनं परत केरसुणी फिरवायला पाहिजे होती. ती तिनं फिरवली नाही.

तेवढ्यात दादासो बाहेर आला. दाराच्या मधोमध नाही, एका अंगानं. दाराची चौकट सागवानी, सासऱ्यानं बसवलेली. दादासोचा डावा खांदा त्या लाकडातून बाहेर आला, आणि खांद्यामागून बाकीचा दंड. लाकडाला धक्का लागला नाही, आवाज झाला नाही. त्यानं वहाणा पायात घातल्या, त्या लगेच त्याच्याबरोबर निघाल्या, आणि परसाकडे वळताना तो म्हणाला, "येतो गं."

"या," सारजा म्हणाली. तोंडातून सवयीनं गेलं ते.

तो "व्हय" म्हणाला. पण ते व्हय तिच्या 'या'नंतर आलं नव्हतं. जरासं आधीच आलं होतं.

६

तेव्हापासून ती ऐकू लागली.

त्याचं बोलणं तिच्या बोलण्याशी जुळायचं, पण पुरतं नाही. तिला वाटे, तिच्याआधी दुसरं कुणीतरी तेच बोलतंय आणि तो त्याला उत्तर देतोय. एका संध्याकाळी तिनं ठरवून तोंड बंद ठेवलं. चूल पेटवलेली नव्हती. ती भिंतीला टेकून, हात मांडीवर घेऊन बसली. दादासो येऊन समोर बसला.

"व्हय, उद्या आणतो," तो म्हणाला.

थोडा वेळ गेला.

"आगं जोत्याला सांग की. मी म्हनलं तर त्याला राग येतो."

मग तो हसला. कुणीतरी काहीतरी गमतीचं बोलल्यासारखा, मान मागे टाकून हसला. लग्नाच्या नवलाईत तो सारजापाशी असा हसायचा. किती वर्षांत तिनं ते हसणं ऐकलं नव्हतं, आणि आता ऐकलं तेव्हा हसवणारी ती नव्हती.

आणि तिच्या डाव्या अंगाला, हातभर अंतरावर, काकणं वाजली. मग थपथप. परातीत भाकरी थापल्याचा आवाज, जवळून, तिच्या कानाखालून. तिचे दोन्ही हात मांडीवर होते. तिनं मान वळवली नाही. समोरच्या भिंतीवर, मागच्या कोनाड्यातल्या दिव्याच्या उजेडात, तिची सावली पडली होती, आणि त्या सावलीच्या काठाला आणखी एक कोपर होतं. ते वर खाली होत होतं.

ती उठून बाहेर गोठ्यात जाऊन उभी राहिली. म्हशीच्या पाठीवर हात ठेवला. म्हैस गरम होती, खरी होती. तिला सगळं कळून चुकलं होतं, माणूस रोज येत होता तो हातभर सरकून, तिकडच्या घरात; आणि कळल्याबरोबर पहिला विचार आला तो खुंट्यांचा नाही. कुणी मला विचारलं तर मी काय सांगू, हा आला.

७

होळीला सारजाची मुलगी वैष्णवी बारामतीहून आली. ती मावशीकडे राहून कॉलेज करत होती. आदल्या दिवशी तिनं नागेशच्या फोनवर बापासाठी निरोप ठेवला होता, एसटीवर घ्यायला या. ते कुणाला कळलं की नाही कोण जाणे, कुणी गेलं नाही. ती वळणापासून पिशवी घेऊन चालत आली.

दादासो ओट्यावर होता. वैष्णवी पाया पडायला वाकली. "तात्या, आले मी."

दादासोचा चेहरा फुलला. त्यानं हात पुढे केला आणि तो हात वैष्णवीच्या शेजारी, रिकाम्या हवेवर ठेवला. तिथे डोकं असल्यासारखी हवा बोटांनी कुरवाळली. "बारीक झालीस गं माझी बाय," तो त्या जागेला म्हणाला. "मावशी जेवाया घालत न्हाय व्हय तुला?"

वैष्णवी वाकलेलीच होती. ती हळूच त्या हाताखाली आपलं डोकं नेऊ पाहू लागली. बाजूला सरकली. हात तिच्या केसांमधून गेला. तिनं वर पाहिलं, मग आईकडे पाहिलं.

"आई, तात्या कुणाशी बोलत्यात?"

सारजानं तिची पिशवी उचलून आत ठेवली. मुलगी आत जाऊन पालथी पडून रडली. तिला जेव म्हणायलाही सारजा गेली नाही, कोणत्या तोंडानं जाणार. पुरणाच्या पोळ्या दुरडीत तशाच राहिल्या. बाहेर दादासो कौतुकानं कुणाला तरी विचारत होता, कॉलेजात काय काय शिकवतात, मैत्रिणी कोण आहेत. उत्तरं ऐकून तो मान डोलावत होता.

म्हणजे तिकडे वैष्णवीसुद्धा आली होती.

८

गोठ्यामागे तिनं जोतीरामला सगळं सांगितलं. तो लहानपणापासून तिच्या हाताखाली वाढलेला. सारजा लग्न होऊन आली तेव्हा तो नाक पुसत फिरायचा. त्यानं ऐकून घेतलं. खुंट्यांचं ऐकताना त्यानं मान खाली घातली, वर केली नाही.

"तुमी गप ऱ्हावा वैनी," शेवटी तो म्हणाला. "मी बोलतो नागेशसंगं."

सकाळी दादासो कामाला निघून गेल्यावर मशीन चारीच्या अलीकडे आलं. नागेश बांधावर उभा होता. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता, त्यानं सारजाला जास्तच भीती वाटली. तो सांगत होता, की आज काम संपणार होतं, रात्रीच्या आत मशीन दुसरीकडे जाणार. दादासोचीही आजची शेवटची फेरी. तो तिन्हीसांजेला यायच्या आत हा तुकडा उचलून जागेवर टाकता येईल. जागेवर पडला तर माणूस जागेवर येईल. त्यानंतर रस्त्याचे सांधे दोन्हीकडून बंद होणार, मग कुणाला काही करता येणार नाही.

मशीनचा आवाज ऐकून माणसं जमली होती. नानी होती, वाटेनं जाणारे दोनचार जण होते. सारजा घराच्या कोपऱ्याशी पदर घेऊन उभी होती.

नागेशनं विचारलं, "किती सरकवल्या?"

"हातभर," जोतीराम म्हणाला.

"जुनी भोकं दाखवा."

दाखवायला काही नव्हतं. चारीपलीकडच्या खुंट्याही मशीन फिरल्यावर काढून टाकल्या होत्या. त्या सरीला दोनदा पाणी दिलं गेलं होतं, खत टाकून माती लावली होती. नागेशनं जमिनीकडे पाहिलं आणि मग जोतीरामकडे पाहिलं.

"कुणाच्या हातानं हातभर?"

जोतीरामनं डोळ्याच्या कोपऱ्यातून वहिनीकडे पाहिलं. माणसं ऐकत होती. नानीनं पदर तोंडाला लावला होता, तिला ठाऊक होतं आणि ती बोलणार नव्हती.

"माझ्या," जोतीराम म्हणाला. "मीच सरकवल्या."

"या इकडं."

नागेशनं खिशातून टेप काढला. जोतीरामचं कोपर मशीनच्या पत्र्यावर टेकवलं, मधलं बोट सरळ करायला सांगितलं, आणि कोपरापासून बोटाच्या टोकापर्यंत नीट मोजलं. तो एकदा मोजून थांबला नाही, परत मोजलं. जोतीराम अंगानं थोराड, त्याचा हात लांब.

सारजाचा हात पदराखाली होता. तिला चार पावलं पुढे जायचं होतं आणि एवढंच म्हणायचं होतं, नागेशदादा, हात माझा होता. तिनं पाऊल उचललंही. मग तिला लोकांचे चेहरे दिसले. दीर वहिनीसाठी खोटं बोलला हे कळेल. बाईनं नवऱ्याच्या रस्त्याच्या खुंट्या सरकवल्या, हे कळेल. बारामतीपर्यंत जाईल, वैष्णवीच्या कानावर जाईल. आणि फरक तो किती. दोन बोटांचा असेल. या शिवारात दोन बोटांच्या हिशेबानं कुठला बांध जागेवर आहे? दोन बोटं म्हणजे काहीच नाही. हे तिला त्या घटकेला अगदी खरं वाटलं.

ती मागच्या मागे भिंतीला टेकली.

मशीननं तुकडा उचलला तेव्हा डोळ्यांना काही दिसलं नाही. फक्त परसातल्या कोंबड्या एकदम गप्प झाल्या आणि कानाला दडे बसल्यासारखं झालं. दुपार कलेपर्यंत ड्रम नव्या जागेवरून, कोवळ्या उसावरून फिरत राहिला. पहिली सरी करपली. सारजानं दाबलेली टिपरी न् टिपरी करपली, आणि तिला त्याचं काही वाटलं नाही.

९

तिन्हीसांजेला दादासो परसातून आला.

सारजा दारात उभी होती. त्यानं वहाणा खांबाच्या बुडाशी काढल्या. दाराच्या मधोमध आत आला, चौकटीला कुठे लागला नाही. भिंतीशी जाऊन बसला आणि तिच्या तोंडाकडे बघून म्हणाला, "संपलं काम. च्या टाक."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. चहा टाकताना साखर सांडली. वैष्णवी बापाजवळ येऊन बसली होती आणि तो तिच्याकडेच बघून बोलत होता. जोतीराम दारातून बघून गेला. त्याच्या चेहऱ्यावरचं ओझं उतरलेलं दिसत होतं. सारजानं कप दादासोच्या पुढ्यात ठेवला. त्यानं हात पुढे केला, कपाच्या कानाशी नेला, आणि कप तोंडाला लावला.

कप जमिनीवरच होता.

आता तिनं नीट पाहिलं. त्याची बोटं कपाच्या कानाला लागली नव्हती. कानाच्या पलीकडे, दोन बोटांवर मिटली होती. तो चहा पीत होता. तो तिच्याकडे बघत होता, म्हणजे तिच्या डोळ्यांच्या किंचित बाजूला, कानशिलाकडे बघत होता. दुसऱ्या कुणाच्या लक्षात आलं नसतं. तिनं त्याच्या मनगटावर हात ठेवला. तिची बोटं एकमेकांवर मिटली.

ती उठून पळत परसात गेली. चारीपर्यंत गेली, चारी ओलांडून माळावर गेली. बाभळ होती. मशीन नव्हतं. जमिनीवर चाकांच्या खुणासुद्धा नव्हत्या.

दुसऱ्या दिवसापासून जोतीराम सायकल घेऊन हिंडला. बावड्याच्या बाजूला गेला, इंदापुरात विचारलं, वालचंदनगरच्या वेशीवर चहाच्या टपऱ्यांवर विचारलं. असं मशीन जाताना कुणी पाहिलं नव्हतं. तो परत आला त्या संध्याकाळी सारजानं त्याला ओट्यावर बसवलं, त्याचा हात कोपरापासून लांब करायला लावला, आणि शेजारी आपला हात ठेवला. दोघांनी पाहिलं. त्यानं हात काढून घेतला आणि तो खूप वेळ दुसऱ्या हातानं झाकून बसला, भाजल्यासारखा.

"तुमी तवा का न्हाय बोलला वैनी," तो एवढंच म्हणाला. त्यानंतर त्यानं तो विषय कधी काढला नाही, आणि त्या घरात फारसा बसलाही नाही.

गावाला काही कळलं नाही. नानी म्हणते, चष्म्याबिगर सुधारला तुझा नवरा, आता तोंडाकडं बघून बोलतो. वैष्णवी सुट्टीला येते, बापाचा हात डोक्यावर घेते आणि डोळे मिटून घेते. तिला कळलंय की नाही, हे सारजानं विचारलेलं नाही.

सारजा रोज त्याचं ताट वाढते आणि भरलेलं ताट उचलून म्हशीला घालते. तो जेवतो, अंगानं बरा आहे, हसतो. संध्याकाळी तो भिंतीशी बसून बोलू लागला की ती समोर बसते. तो जिथं बघतो तिथं आपण असावं, म्हणून ती हळूच डावीकडे सरकते. दोनच बोटं सरकायचं असतं.

पण तिथली सारवलेली जमीन उबदार लागते. तिथं कुणीतरी बसलेलं असतं, आणि ते माणूस सरकत नाही.